वेडे तीळ आणि शहाणी माणसे

(तृतीय वर्ष कला, इतिहास विभाग)

गेल्या ऑक्टोबरात आमच्या महाविद्यालयाची सहल भंडारदऱ्याहून परत येत होती. एका वळणावर बस थांबली आणि सारी मंडळी आरडाओरडा करीत खाली उतरली. रस्त्याच्या खालच्या अंगाला उतारावर पिवळेधमक रान पसरले होते. दोन मिनिटांत प्रत्येकाच्या हातात मोबाईल आला. कोणी फुलांत बसले, कोणी आडवे झाले, एकाने तर मूठभर फुले ओरबाडून मैत्रिणीच्या ओढणीवर उधळली. आमच्याबरोबरच्या एका सरांनी कौतुकाने विचारले, "काय गं, तू इकडचीच ना? ही सूर्यफुलाची छोटी जात का?"

मी म्हटले, "ठाऊक नाही, सर."

मला ठाऊक होते. ती खुरासणी होती. माझ्या घरामागच्या उतारावर अगदी तेच फूल तेव्हा फुललेले होते आणि त्या सकाळी माझ्या पिशवीत, डब्याच्या तळाशी, त्याच खुरासणीची चटणी होती. पण वसतिगृहात पहिल्या वर्षी त्या काळ्या चटणीला कोणीतरी 'डांबर' म्हटले होते, आणि तेव्हापासून मी ती डब्यातून बाहेर काढीतच नव्हते. एवढ्यात शेताच्या वरच्या बांधावरून एक बाई हातात विळा घेऊन धावत आली आणि ओरडू लागली, "अगं पोरींनो, तुडवू नका गं! वर्षाचं तेल हाय ते!" सगळे हसत हसत बसमध्ये चढले. मीही चढले. हसले नाही, पण बोललेही नाही.

हा लेख त्या न बोलण्याची भरपाई आहे, असे वाचकांनी समजावे.

खुरासणीला पुण्या-सोलापूरकडे कारळे म्हणतात. बाजारात काही दुकानदार तिला 'काळे तीळ' म्हणून विकतात, ते चूक आहे. तिळाचा आणि तिचा काडीचाही संबंध नाही. हिंदीत तिला रामतीळ असे जरा आदराचे नाव आहे. पण दक्षिणेकडे जावे तर पाहा: कानडीत तिला हुच्चेळ्ळु म्हणतात, म्हणजे वेडे तीळ. तेलुगूत वेर्रि नुव्वुलु, पुन्हा वेडे तीळच. तमिळात पेयेळ्ळु, म्हणजे भुताचे तीळ! एका गरीब रोपट्याला तीन भाषांनी मिळून वेडे आणि भूत ठरवले. आपल्या मराठीने त्यातल्या त्यात सभ्यपणा दाखवून तिला खुरासानची, म्हणजे इराणकडची ठरवले. नावावरून तरी तसेच वाटते. तेही खरे नाही. ती आली हबशांच्या देशातून, इथिओपियातून.

आमच्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांना हबशी म्हटले की मलिक अंबर आठवतो. त्या मुलखात जन्मलेला, गुलाम म्हणून विकला गेलेला आणि दख्खनेत येऊन निजामशाहीचा आधारस्तंभ झालेला माणूस. त्याने १६१० साली खडकी वसवली, जमिनीची प्रतवारी करून सारा ठरवला, हे सर्व आपण परीक्षेत लिहितो. खुरासणी त्याच्याही कितीतरी आधी इकडे आली असावी, असे अभ्यासक मानतात. तिला कोणी आणले, कोणत्या गलबतातून आणले, हे कोणत्याही बखरीत नाही. इथिओपियाच्या पठारावर तिला 'नूग' म्हणतात. तिथल्या ख्रिस्ती लोकांचे उपवास फार. त्या दिवसांत दूध, तूप, मांस काहीच चालत नाही, आणि तेव्हा नूगचे तेल कामी येते. जून ते सप्टेंबर तिकडेही पाऊस पडतो आणि पाऊस ओसरला की तिकडचे डोंगरही आमच्या डोंगरासारखे पिवळे होतात. तिचे शास्त्रीय नाव ग्विझोशिया ॲबिसिनिका. ॲबिसिनिका म्हणजे सरळ 'हबशी'.

उरले 'ग्विझोशिया'. हे प्रजातीचे नाव. हिच्या प्रजातीत जेमतेम अर्धा डझन जाती आहेत आणि सर्वांचे मूळ आफ्रिकेत. कुल सूर्यफुलाचे, तेव्हा सरांचा प्रश्न अगदीच चुकीचा नव्हता, हे मला इथे मान्य केले पाहिजे. आपण ज्याला एक फूल म्हणतो ते या कुलात एक फूल नसतेच. ती फुलांची सभा असते. खुरासणीत कडेला बहुधा आठ पिवळ्या पाकळ्या दिसतात, त्यांतील प्रत्येक एक स्वतंत्र फूल. आणि मधल्या बिंबात चाळीस-पन्नास इवली फुले दाटीने बसलेली. प्रत्येकाच्या पोटी एक काळे, चकचकीत बी.

पण नावाची गोष्ट त्याहून मोठी आहे. हे नाव वाचून मला वाटले होते, कोणी वनस्पतिशास्त्रज्ञ असेल. तो निघाला इतिहासाचा प्राध्यापक! फ्रान्समधील आंरी कासिनी हा पेशाने न्यायाधीश. आकाशशास्त्रज्ञांच्या प्रसिद्ध घराण्यातला. आणि फावल्या वेळात त्याने सूर्यफुलाच्या कुलाचा असा अभ्यास केला की आजही त्या कुलाच्या शेकडो नावांमागे त्याचे नाव लागते. त्याने १८२९ साली या प्रजातीला फ्रान्स्वा गिझो याचे नाव दिले. गिझो त्या वेळी पॅरिसमध्ये सॉर्बोनला युरोपच्या संस्कृतीच्या इतिहासावर व्याख्याने देत होता आणि ती ऐकायला गर्दी लोटत होती. पुढे तो मंत्री झाला. १८३३ साली त्याने कायदा करून प्रत्येक गावाला प्राथमिक शाळा चालवणे बंधनकारक केले. त्याबद्दल त्याला नमस्कार केला पाहिजे. आमच्या पाड्यावर शाळा आली ती त्यानंतर दीडशे वर्षांनी.

परंतु हाच गिझो पुढे सरकारचा प्रमुख झाला, तेव्हा फ्रान्समध्ये मताचा अधिकार वर्षाला दोनशे फ्रँक प्रत्यक्ष कर भरणाऱ्यालाच होता. साडेतीन कोटींच्या देशात मतदार अडीच लाखही नव्हते. लोक म्हणत, आम्हाला मत द्या. त्यावर गिझोने दिलेले म्हणून एक उत्तर सांगितले जाते: श्रीमंत व्हा. कष्ट करा, काटकसर करा, श्रीमंत व्हा, म्हणजे मत आपोआप मिळेल. लोकांनी १८४८च्या फेब्रुवारीत त्याला खुर्चीवरून खाली ओढले.

योगायोग पाहा, की 'श्रीमंत व्हा' म्हणणाऱ्या माणसाचे नाव मिळाले ते अशा पिकाला, की ज्याने आजवर कोणाला श्रीमंत केलेले नाही. जगात जिथे म्हणून ते पिकते, तिथे ते सर्वांत हलक्या जमिनीवर आणि सर्वांत हलक्या खिशाच्या माणसाकडून पिकवले जाते.

आमच्याकडे जमिनीचे दोन प्रकार. खाली खाचरे, त्यांत भात. वर उतारावर वरकस, तिच्यात मुरूम जास्त आणि माती कमी. वरकस जमिनीला दरवर्षी पीक पेलत नाही. म्हणून जुना क्रम असा, की पहिल्या वर्षी नागली, दुसऱ्या वर्षी वरी, तिसऱ्या वर्षी खुरासणी; आणि नंतर काही वर्षे जमीन पडीक, म्हणजे तिने झोपावे. जुन्या गॅझेटियरांतही हाच क्रम लिहिलेला सापडतो. नागलीला राब जाळावा लागतो, रोपे लावावी लागतात, निंदावे लागते. वरीचेही थोडेफार तसेच. दोघींनी जमीन चोखून घेतली की मग जे काही उरते, त्यावर खुरासणी फेकून द्यायची. माझी आजी म्हणते, "जमिनीला जांभई आली की खुरासणी टाकायची." तिला खत नाही, फवारणी नाही, बहुतेक ठिकाणी निंदणीसुद्धा नाही. हेक्टरी चार-पाच किलो बी पुरते. आणि विशेष म्हणजे गुरे तिला तोंड लावीत नाहीत, त्यामुळे कुंपण नको, राखण नको. काही शेतकरी तर दुसऱ्या पिकाच्या भोवती कडेने तिच्याच ओळी पेरतात, म्हणजे गुरे आत शिरत नाहीत. स्वतः कुंपणावाचून वाढते आणि दुसऱ्याचे कुंपण होते.

तिला लागतात त्या फक्त मधमाश्या. खुरासणीचा एक चमत्कारिक स्वभाव आहे. तिच्या एका झाडाचे पराग त्याच झाडाला उपयोगी पडत नाहीत. शेजारच्या झाडावरून कोणी तरी पराग आणून द्यावे लागतात, तेव्हा बी धरते. एकटी खुरासणी कितीही फुलली तरी वांझ. म्हणून फुलोऱ्यात आमच्या शेतात सकाळी नऊनंतर उभे राहिले तर सातेरी माश्यांचा जो एक अखंड सूर ऐकू येतो, तोच तिचा पाऊस आणि तेच तिचे खत. पोळी काढणारे ठाकर लोक या दिवसांची वाट पाहतात.

दिवाळीच्या मागेपुढे बोंडे तपकिरी होऊन काळी पडू लागतात. फार थांबले तर बी तिथल्या तिथे गळून जाते, म्हणून पहाटे, दवात, बायका कापणी करतात. पेंढ्या खळ्यावर सुकवायच्या, काठीने बडवायच्या, सुपाने उफणायच्या. माझ्या आठवणीत हे सगळे बायकांचेच काम. भाताचे खळे बापयांचे, खुरासणीचे आई-आजीचे. मग त्यातील काही तेलाला जाते. पेंड गुरांना. ज्या झाडाला गुरे तोंड लावीत नाहीत त्याची पेंड मात्र ती चाटून पुसून खातात, ही एक गंमत. काही बी घरात राहते. ते तव्यावर तडतडून भाजायचे, लसूण-मिरची-मीठ घालून कुटायचे, की चटणी झाली. वांग्याच्या भाजीत याच कुटाने जी चव येते ती शेंगदाण्याच्या कुटाने येत नाही, या मुद्द्यावर मी कोणाशीही वाद घालायला तयार आहे.

आता मुख्य मुद्द्याकडे येते.

या विषयावर मी आमच्या अर्थशास्त्राच्या सरांशी बोलले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि कागदावर हिशेब मांडला. खुरासणीचे उत्पन्न हेक्टरी साडेतीन क्विंटल धरा. सोयाबीन बारा क्विंटल धरा. कोणता शहाणा शेतकरी खुरासणी पेरील? देशात १९८०च्या दशकात सहा लाख हेक्टरांच्या आसपास खुरासणी होती, आज तिच्या तिसरा हिस्साही उरलेला नाही. ते म्हणाले, "ही शोकांतिका नव्हे, हा व्यवहार आहे. पीक मरत नाही, शेतकरी शहाणा होतो आहे."

सरांचा मला राग आला नाही. कारण हाच हिशेब माझ्या वडिलांनीही मांडला आहे. आमच्या उतारावर ती आता केवळ अर्धा एकर उरली आहे, आणि तीही आजी हट्ट धरते म्हणून. वडील म्हणतात, यंदा तिथे आंब्याची कलमे लावू. फळबागेला योजना आहे, अनुदान आहे, खड्डे खणायला मजुरी आहे. खुरासणीला काय आहे?

आणि इथेच माझी खरी अडचण आहे. मी शहरात शिकते, शिष्यवृत्तीवर राहते, सुटीत घरी जाते. मी वडिलांना कोणत्या तोंडाने सांगू, की आंबा लावू नका, खुरासणी ठेवा, कारण ती सुंदर दिसते, तिचा इतिहास मोठा आहे, तिच्या नावामागे एक फ्रेंच प्राध्यापक आहे? ज्यांचे पोट दुसरीकडे भरते अशांनी डोंगरातल्या माणसाला 'तुम्ही जसे आहात तसेच राहा, फार छान दिसता' असे सांगणे, याइतका दुसरा उर्मटपणा नाही. पर्यावरणावर व्याख्याने देणारे काही पाहुणे आमच्या महाविद्यालयात येतात, त्यांच्या बोलण्यात हा सूर मला नेहमी ऐकू येतो. म्हणून 'पारंपरिक पिके जपा' अशी घोषणा मी देणार नाही.

मला म्हणायचे आहे ते एवढेच, की सरांचा हिशेब अपुरा आहे. तो खोटा नाही, अपुरा आहे. साडेतीन क्विंटल विरुद्ध बारा क्विंटल या तुलनेत आपण गृहीत धरतो की दोन्ही पिके एकाच जमिनीत उभी आहेत. आमच्या वरकसात सोयाबीन पेरून पाहावे. बारा सोडा, बियाणे परत मिळाले तरी सत्यनारायण घालीन. शिवाय उत्पन्नाच्या बाजूला फक्त क्विंटल लिहिले, खर्चाच्या बाजूला खत, औषध, कुंपण, राखण यांची शून्ये लिहिलीच नाहीत. शून्य लिहायचे राहिले की ते वाचणाऱ्याला दिसत नाही. मधाचे कोणी लिहिले नाही. पेंडीचे लिहिले नाही. घरात वर्षभर विकतचे तेल आले नाही, त्याचे तर नाहीच नाही. कारण जे बाजारात गेले नाही ते हिशेबात येत नाही, आणि ते बायकांनी बडवलेले असले तर बिलकूल येत नाही.

बरे, सरकारचे काय? सरकार खुरासणीला विसरले आहे असे कोणी म्हणेल, तर तेही खरे नाही. दरवर्षी खरीप पिकांचे हमीभाव जाहीर होतात, त्यात तिचे नाव असते. २०२४-२५ साठी तिचा हमीभाव क्विंटलला ८,७१७ रुपये होता. २०२५-२६ साठी तो ९,५३७ रुपये झाला. एका वर्षात ८२० रुपयांची ही वाढ त्या वर्षीच्या खरीप पिकांत सर्वांत मोठी होती. त्याच यादीत भुईमूग ७,२६३ आणि सोयाबीन ५,३२८ रुपये. म्हणजे खरिपाच्या तेलबियांत तिळाखालोखाल मान खुरासणीचा! वर्तमानपत्रात हे वाचले तेव्हा मी आनंदाने घरी फोन केला. आजीने विचारले, "कुठं देतात गं हा भाव?"

मला उत्तर देता आले नाही. आमच्या आठवडी बाजारात जो व्यापारी खुरासणी घेतो तो ती पायलीने मोजून घेतो. मीठ, साखर, चहापुडी वजा करून उरलेले पैसे हातावर ठेवतो. हमीभाव हा शब्द त्याच्यासमोर उच्चारणारी माणसे वेगळी असतात. ती पोती नेतात, पायल्या नव्हे. दोन पायल्या घेऊन आलेल्या म्हातारीसाठी कोणते खरेदी केंद्र उघडणार? भाव कागदावर चढत जातो आणि पेरा जमिनीवर उतरत जातो, याचे कोडे मला तरी इथेच सुटते.

दुसरी गोष्ट. २०२४च्या ऑक्टोबरात केंद्र सरकारने तेलबियांसाठी दहा हजार कोटींहून अधिक खर्चाचे राष्ट्रीय अभियान मंजूर केले. उद्देश उत्तम आहे. आपण खातो त्यातील निम्म्याहून अधिक तेल परदेशातून येते, ही लाजेची गोष्टच आहे. पण मुख्य पिके म्हणून ज्यांची नावे ठळकपणे घेतली गेली ती मोहरी, भुईमूग, सोयाबीन, सूर्यफूल आणि तीळ. वेडे तीळ नाहीत. एका हाताने सर्वांत मोठी भाववाढ द्यायची आणि दुसऱ्या हाताने मोठ्या ताटावर पानच मांडायचे नाही. याला निष्काळजीपणा म्हणावा की काय म्हणावे, हे राज्यशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी सांगावे.

संशोधन झालेच नाही असेही नाही. आमच्या इगतपुरीच्याच संशोधन केंद्रातून आयजीपी-७६, फुले कारळा-१ असे वाण निघाले आहेत. देशपातळीवर तीळ आणि खुरासणी यांच्यासाठी मिळून एक समन्वित प्रकल्प जबलपूरहून चालतो. शास्त्रज्ञ आपले काम करीत आहेत. वाण शेतात पोहोचतो तेव्हा तो ज्या शेतात जायचा त्या शेतात आंब्याचा खड्डा खणून झालेला असतो, इतकेच.

आणि मग खुरासणी खातो कोण? हे मला कळले तेव्हा मी दोन दिवस ज्याला त्याला सांगत सुटले होते. परदेशी जाणारी आपली खुरासणी मुख्यतः पक्षी खातात! अमेरिकेत लोक घराच्या अंगणात बारीक जाळीच्या नळ्या टांगतात, त्यांत खुरासणी भरतात, आणि गोल्डफिंच नावाचे पिवळे पाखरू ती टिपायला येते. तिच्या बरोबर अमरवेलाचे बी जाऊ नये म्हणून बंदरात ती आधी कडक तापवतात; म्हणजे ती तिकडे उगवूही नये. तिचे इंग्रजी नाव तिकडच्या एका शिवीजवळ जाते, म्हणून पक्षिखाद्याच्या व्यापाऱ्यांनी १९९८ साली तिला 'नायजर' याच उच्चाराचे पण वेगळ्या स्पेलिंगचे व्यापारी नाव घेतले. नावाने तिची पाठ तिथेही सोडली नाही. मला त्या पाखरांबद्दल मुळीच आकस नाही. पाखराला जी गोष्ट दाम मोजून, शोभिवंत नळीतून दिली जाते, ती माझ्या खोलीतल्या मुलींना डांबर वाटावी आणि मला ती डब्यातून काढायची लाज वाटावी, याचे मात्र वाटते.

यावर कोणी विचारील, की मग तू काय करा म्हणतेस? मोठ्या गोष्टी माझ्या हातात नाहीत. खरेदी केंद्र पायलीने माल घेईल असे करा, आश्रमशाळांच्या स्वयंपाकघरांनी तालुक्यातले खुरासणीचे तेल घ्यावे असा नियम करा, असे मी सांगू शकते; सांगतेही. परंतु वार्षिकातल्या लेखाने मंत्रालय हलल्याचे मी ऐकलेले नाही. म्हणून आपल्या आवारापुरते बोलते.

आपल्या दोन्ही वसतिगृहांच्या मेसमध्ये मिळून तीनशेच्या वर मुले-मुली जेवतात. चटणी रोज असते. शेंगदाण्याची किंवा सुक्या खोबऱ्याची. आठवड्यातून दोन दिवस ती खुरासणीची करावी. तेवढ्यासाठी वर्षाला काही पोती लागतील, आणि ती व्यापाऱ्याकडून न घेता ज्या गावात आपल्या राष्ट्रीय सेवा योजनेचे शिबिर भरते त्या गावातल्या बायकांकडून, हमीभावाने, रोख घ्यावी. शिबिरात दरवर्षी आपण रस्त्याच्या कडेला रोपे लावतो, दरवर्षी त्याच खड्ड्यांत. त्याऐवजी एक दिवस कापणीला जावे. निदान पेंढी कशी बांधतात ते तरी कळेल. आणि सहलीला बस थांबली तर बांधावरून फोटो काढावेत. शेतात उतरू नये.

यात उपकाराचा भाग नाही. चटणी चांगली लागते. खाऊन पाहिल्याशिवाय नाके मुरडू नयेत, एवढीच विनंती.

मेस समितीला मी तसा अर्ज लिहिला आहे. त्यावर आजपर्यंत सव्वीस सह्या झाल्या आहेत. त्यांतील एक अर्थशास्त्राच्या सरांची आहे; सही करताना ते म्हणाले, "हिशेब मला अजून पटलेला नाही, पण चटणी खायला हरकत नाही." समितीची बैठक परीक्षेनंतर आहे. वडिलांनी आंब्याच्या कलमांसाठी खड्डे आखले आहेत, अजून खणलेले नाहीत. आजीने बी वेगळे काढून, राखेत घोळून, गाडग्यात भरून चुलीवरच्या फळीवर ठेवले आहे. मृगापर्यंत वेळ आहे.